भात्याचे झाड

आमच्या आईने आयुष्यात दोनच गोष्टी मनापासून केल्या आहेत, असे माझे वडील थट्टेने म्हणत असत. एक म्हणजे पाहुण्याला आग्रह आणि दुसरी म्हणजे कुंड्यांना पाणी. वडील गेले त्याला नऊ वर्षे झाली; आईने अठ्ठ्याहत्तरी गाठली; पण या दोन्ही गोष्टी अजून जशाच्या तशा चालू आहेत. सकाळी सातला पितळी तांब्या घेऊन ती गॅलरीत उभी राहते. तुळस, गवती चहा, मोगरा आणि कोपऱ्यातली कोरफड यांना सारखेच पाणी. कोरफडीला रोज पाणी नको, हे तिला मी वीस वर्षे सांगत आले. "अगं, सगळ्यांना द्यायचं आणि तिला वगळायचं, बरं दिसतं का?" हे तिचे वीस वर्षांचे उत्तर.

या कोरफडीच्या एका दूरच्या नातलगाला भेटण्यासाठी मी २०२४च्या मे महिन्याअखेर आफ्रिकेच्या नैर्ऋत्य टोकाकडच्या नामिबिया देशात जाऊन आले. अर्थात मी काही झाड पाहायला म्हणून निघाले नव्हते. माझा धाकटा भाऊ तिथे विंडहूक शहरात रस्तेबांधणीच्या कामावर आहे. तीन वर्षांसाठी म्हणून गेला, त्याला अकरा वर्षे झाली. "तू जातेच आहेस सुट्टीत, तर त्याला एकदा नीट विचार, परत केव्हा येतोस म्हणून. फोनवर तो हसण्यावारी नेतो," असे आईने मला निघताना बजावले होते. मेतकुटाचा डबा, गोडा मसाला आणि हा प्रश्न, एवढे सामान घेऊन मी दोन विमाने बदलून विंडहूकला उतरले.

नामिबिया हा देश आकाराने महाराष्ट्राच्या अडीचपटीहून मोठा आणि माणसे मात्र सारी मिळून तीस लाख! पुण्यातली निम्मी गर्दी उचलून एवढ्या प्रदेशावर विखरून टाकली, तर काय होईल याची कल्पना करावी. १८८४ पासून जर्मनांची वसाहत, पहिल्या महायुद्धात दक्षिण आफ्रिकेच्या ताब्यात आणि स्वातंत्र्य थेट १९९० साली. शहरात रस्त्यांना जर्मन नावे सापडतात, दुकानात आफ्रिकान्स भाषा ऐकू येते आणि सरकारी कारभार इंग्रजीत चालतो. भावाच्या घरी पहिल्याच दिवशी पानात बाजरीची भाकरी पाहून मी चकित झाले. भावजय हसून म्हणाली, "ताई, हिला इथे महांगू म्हणतात. उत्तरेकडच्या लोकांचं रोजचं अन्न आहे ते." मग आठवले की बाजरी मुळात आफ्रिकेतूनच आपल्याकडे आली. म्हणजे पाहुणी आपण समजत होतो ती बाजरी इथे माहेरी होती.

कीटमन्सहूप हे दक्षिणेकडचे गाव विंडहूकपासून सुमारे पाचशे किलोमीटरवर. तिकडे भावाचे काम निघाले, म्हणून त्याच्या मोटारीतून मीही निघाले. बरोबर दशम्या आणि दाण्याची चटणी. रेहोबोथ गाव मागे पडल्यावर मकरवृत्ताची पाटी लागते. भूगोलाच्या तासाला ज्या तुटक रेषेवरून पेन्सिल फिरवली, ती ओलांडताना खाली काहीतरी खडखडावे असे उगीचच वाटले! रस्ता सरळ. इतका सरळ, की वळण आले तर भाऊ म्हणे, "बघ, वळण!" दोन्ही बाजूंना पिवळे गवत, तेही विरळ, आणि तारेची कुंपणे. त्याच महिन्यात दुष्काळामुळे देशात आणीबाणी जाहीर झाली होती. कुंपणापलीकडे मेंढ्या जमीन हुंगत हिंडत होत्या. त्यांना तिथे काय मिळत होते ते त्यांनाच ठाऊक.

पहिले झाड मला मोटारीतूनच दिसले. काळ्या टेकडीच्या उतारावर एकटेच उभे. खाली हत्तीच्या पायासारखा जाडजूड बुंधा, वर एकाच्या दोन, दोनाच्या चार, चाराच्या आठ अशा दुभंगत गेलेल्या फांद्या आणि प्रत्येक फांदीच्या टोकाला निळसर हिरव्या पानांचा झुबका. पाने ओळखीची होती. म्हटले तर आमच्या गॅलरीतली कोरफडच. पण कोणीतरी पंचवीस-तीस फूट उंच खांद्यावर घेऊन उभी केलेली!

याला तिकडे 'कोकरबूम' म्हणतात. आफ्रिकान्स भाषेत कोकर म्हणजे बाणांचा भाता आणि बूम म्हणजे झाड. त्या मुलखातले सान लोक, जे पिढ्यान्‌पिढ्या शिकारीवर जगत आले, ते या झाडाची फांदी घेऊन आतला मऊ, तंतुमय गाभा पोखरून काढीत. बाहेरची टणक साल नळकांड्यासारखी उरे. एका तोंडाला कातडे बांधले की बाण ठेवायला भाता तयार. मी मराठी शिकवणारी बाई. मला लगेच आपल्या भाषेतले दोन भाते आठवले. एक धनुर्धराच्या पाठीवरचा आणि दुसरा लोहाराच्या भट्टीपुढचा. मौज अशी की या झाडाला दुसराही भाता शोभतो. मेलेल्या झाडाचा बुंधा पोकळ करून लोक त्यात मांस, भाजी आणि पाणी ठेवीत; तंतूंमधून वारा खेळला की आतले थंड राही. आपल्याकडे माठाभोवती ओले फडके गुंडाळतात, त्यातलाच हा प्रकार.

गोऱ्या माणसांच्या कागदांत हे झाड १६८५ साली आले. केपचा डच कमांडर सिमोन व्हान डेर स्टेल तांब्याच्या शोधात उत्तरेला नामाक्वालँडपर्यंत गेला होता. त्या स्वारीच्या नोंदींत या झाडाचा आणि त्याच्या भात्यांचा उल्लेख आहे. पुढे लंडनजवळच्या क्यू उद्यानाने धाडलेला फ्रान्सिस मॅसन याने १७७६ साली त्याला शास्त्रीय नाव दिले, 'अलो डायकोटोमा', म्हणजे दुभंगणारी कोरफड. (हेच 'डायकोटोमा' विशेषण आपल्या दीवच्या किनाऱ्यावरच्या रावणताडालाही मिळाले आहे. फांद्या फुटणारा ताड तो. ज्यांनी पाहिला असेल त्यांना कोकरबूमची ठेवण चटकन कळेल.) २०१३ साली शास्त्रज्ञांनी वृक्षासारख्या वाढणाऱ्या कोरफडींचे घर वेगळे थाटून दिले आणि नाव झाले 'अलोइडेंड्रॉन डायकोटोमम'. म्हणजे आमच्या कुंडीतली कोरफड आणि हे झाड आजवर सख्खी होती, ती चुलत झाली. कोरफडीला संस्कृतात कुमारी म्हणतात. सदा ताजी, सदा तरुण. तिची ही चुलत आजी मात्र दोनशे-तीनशे वर्षे जगते असा अंदाज आहे. अंदाजच म्हणायचा, कारण हे झाड गवत, ताड, केळ यांच्या एकदल कुळातले. आंब्या-सागासारखी वर्षाची कडी त्याच्या खोडात उमटत नाही. वय मोजायला कापून उपयोग नाही.

गावापासून ईशान्येला चौदा-एक किलोमीटरवर एका खाजगी शेतजमिनीत सुमारे अडीचशे झाडांचा समूह आहे. त्याला 'कोकरबूमचे अरण्य' म्हणतात आणि तो देशाचे राष्ट्रीय स्मारक आहे. फाटकाशी तिकीट काढून आत गेले आणि मला हसूच आले. अरण्य कसले? दोन झाडांमध्ये आमचे सबंध घर मावावे इतके अंतर. आमच्याकडे वन, बन, राई, रान, जंगल असे किती शब्द. पण यातला एकही इथे लागू पडेना. मग भाऊ म्हणाला, "ताई, हे झाड सहसा एकटंच असतं. एवढी जवळ-जवळ उभी राहिलेली क्वचित. म्हणून यांना कौतुक."

सगळीकडे काळे धोंडे. ते डोलेराइटचे. सतरा-अठरा कोटी वर्षांपूर्वी पृथ्वीच्या पोटातला रस वरच्या थरांत घुसून आतल्या आतच थिजला. वरचे आवरण झिजून गेल्यावर तो उघडा पडला आणि ऊन-थंडीने तडकून त्याचे धोंडे झाले. आपला सह्याद्रीही अशाच रसाचा, पण तो जमिनीवर वाहिलेला आणि वयाने बराच लहान, साडेसहा कोटींच्या आसपासचा. तिथून जवळच 'राक्षसांचे क्रीडांगण' नावाची जागा आहे. तिथे हे धोंडे एकावर एक असे रचलेले दिसतात की कुणा दांडगट पोराने लगोरी मांडून अर्ध्यात सोडली असावी. या धोंड्यांच्या फटींतच कोकरबूम पाय रोवतो. मुळे खोल जात नाहीत, पसरतात. वारा आला तर दगड त्यांना धरून ठेवतात.

मी एका बुंध्याला हात लावायला गेले तर भावाने अडवले. सोनेरी तपकिरी साल दुरून रेशमासारखी दिसते, पण तिचे पापुद्रे सुटतात त्यांच्या कडा पात्यासारख्या असतात. फांद्यांवर मात्र पांढुरकी भुकटी, बोटाला लागते. ती उन्हाला माघारी धाडते. पानांत पाणी, फांदीत पाणी, बुंध्यात पाणी. सारे झाड म्हणजे भरून ठेवलेला रांजणच. आणि तेही पुरेनासे झाले तर हे झाड जे करते, ते ऐकून मी थबकले. फार ताण पडला की ते आपलीच फांदी टोकाशी बंद करून टाकते. पानांचा झुबका वाळतो, गळून पडतो आणि तिथे बोथट ठुंठ राहते. पाने गेली म्हणजे त्यांतून उडून जाणारे पाणी वाचले. अशी ठुंठे मी मोजायला लागले; एकाच झाडावर सात भरली.

हे काही केवळ त्या सालच्या दुष्काळाचे नव्हते. वेंडी फोडेन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी २००७ साली या झाडाच्या वस्त्यांचा अभ्यास प्रसिद्ध केला. त्या गोलार्धात उत्तरेकडे जावे तसे ऊन वाढते. त्या उष्ण उत्तरेच्या कडेला झाडे अधिक मरत आहेत आणि दक्षिणेकडे व उंचावर ती बरी आहेत, असे त्यांना आढळले. मग झाडांनी दक्षिणेला सरकावे! पण बी वाऱ्याने जाणार किती दूर, आणि रुजून फुलावर यायला वीस-तीस वर्षे लागणार. हवा वेगाने बदलते आहे. झाडाला घाई ठाऊक नाही.

फुले मात्र पाहायला मिळाली. जून उजाडला होता, म्हणजे तिकडचा हिवाळा. काही झाडांवर पिवळेधमक तुरे नुकतेच उमलले होते आणि त्यांवर सूर्यपक्षी, आपल्या शिंजिराचेच भाईबंद, बाकदार चोची बुडवीत होते. मधासाठी बबून माकडे हे तुरे ओरबाडतात म्हणे. कळ्या माणसेही खातात. एका झाडावर गवताची भली मोठी गंजीच अडकली होती. ती सुगरणीच्या जातीच्या पाखरांची चाळ निघाली. खालून पाहिले तर भोकेच भोके, प्रत्येक भोकात एक बिऱ्हाड आणि सगळ्यांचे एकाच वेळी भांडण. गिरगावची आठवण झाली.

सहाच्या सुमारास सूर्य टेकला. खोडांचा रंग तांब्यासारखा झाला, धोंडे काळेच राहिले. गार वारा सुटला. आम्ही एका उबदार धोंड्यावर बसलो; दिवसभराचे ऊन त्याने धरून ठेवले होते.

"ताई, तू विचारायलाच आली आहेस ना?" भाऊ म्हणाला.

मी म्हटले, "आईनं विचारायला सांगितलंय."

तो बराच वेळ बोलला नाही. मग म्हणाला, "घर घेतलंय इथे. मार्चमध्ये. पोरांची शाळा इथली, त्यांची भाषा इथली. मी येईन गं, दर वर्षी येईन. पण परत असं नाही. आईला फोनवर सांगायला जीभ उचलत नाही."

मला राग आला, हे कबूल करते. आईच्या औषधांचे, रात्री-अपरात्री दवाखान्यात नेण्याचे, आमच्या इमारतीच्या पुनर्बांधणीच्या कटकटींचे सारे हिशेब तोंडावर आले होते. पण शेजारी त्याची सात वर्षांची मुलगी त्या धोंड्यांवर चढून स्वतःशीच आफ्रिकान्स गाणे म्हणत होती, तिच्याकडे पाहून मी गप्प राहिले. पायाशी एक वाळलेले बोंड पडले होते. मी ते उचलले; आत कागदासारख्या पापुद्र्याचे दोन-तीन दाणे अडकलेले होते. आईला दाखवावे म्हणून पर्सकडे हात गेला. "नको," भाऊ म्हणाला. "कायद्यानं संरक्षण आहे याला. आणि विमानतळावर मास्तरीणबाईंना अडवलेलं मला बघवणार नाही." मी बोंड होते तिथे ठेवले.

पुण्याला परतल्यावर पहिले दोन दिवस आईने काही विचारले नाही. तिसऱ्या दिवशी भाजी निवडताना म्हणाली, "काय म्हणाला?" मी सांगितले. घर घेतल्याचेही सांगितले. तिने मेथीची जुडी संपवली, देठ कागदात गुंडाळले आणि म्हणाली, "मुलगी उंच झालीये का गं?" मग मी तिला छायाचित्रे दाखवली. कोकरबूमपाशी ती थांबली. "ही तर आपली कोरफड! एवढी?" त्या रात्री तिने मला त्या झाडाविषयी इतके प्रश्न विचारले, जितके माझ्या वर्गातली मुले वर्षभरात विचारीत नाहीत.

दिवाळीनंतर पुण्यातल्याच एका रोपवाटिकेत, बियांपासून वाढवलेली कोकरबूमची बोटभर उंचीची दोन रोपे मला मिळाली. किंमत सांगत नाही. घरात अजून सांगितलेली नाही. रोपे पाहून कुणालाही झाड वाटणार नाही. सुरुवातीला पाने समोरासमोर दोन रांगांत, शाळेच्या प्रार्थनेला उभी केल्यासारखी. रोपवाल्याने सांगितले ते असे: तळाला मोठे भोक असलेली मातीची कुंडी, निम्म्याहून अधिक जाड वाळू आणि विटांचे बारीक तुकडे, थोडे जुने पानखत, भरपूर ऊन. माती पूर्ण सुकल्याशिवाय पाणी नाही, आणि पावसाळ्यात तर डोक्यावर छप्परच हवे. बी पेरायचे तर असल्याच रेताड मातीवर, वरून अगदी पातळ थर. तीन-एक आठवड्यांत कोंब येतो. पुढे मात्र धीर. "बाई, या झाडाला मारायचं असेल तर प्रेमानं पाणी घाला," हे त्याचे शेवटचे वाक्य. मी घरी येऊन ते जसेच्या तसे सांगितले. आई म्हणाली, "माझ्याकडे काय बघतेस?"

हिवाळा आणि उन्हाळा बरा गेला. एप्रिलच्या उन्हात मोगरा मान टाकत होता तेव्हा ही दोन रोपे तुकतुकीत. पण २०२५ साली पाऊस मे महिन्यातच येऊन कोसळला. वळीव म्हणून मी दुर्लक्ष केले, तो थेट मोसमी पाऊसच होता. छपरासाठी काच आणायची ती राहून गेली. त्या आठवड्यात मी परीक्षेच्या उत्तरपत्रिकांत बुडाले होते. जूनमध्ये पाहते तो एका रोपाच्या मानेशी तपकिरी डाग. बोट लावले तर बुळबुळीत. दुसऱ्या दिवशी ते आडवे झाले. उपटून पाहिले, मुळे राहिलीच नव्हती.

मी आईला बोलले. नको ते बोलले. पाऊस पडत असताना वर तांब्यानेही पाणी घातलेस ना, म्हणून. ती काही बोलली नाही. आणि ती बोलली नाही म्हणजे घातले होते. संध्याकाळी ती गॅलरीत बसली होती, पुढ्यात उरलेली कुंडी. मला म्हणाली, "एवढ्याशा पाण्यात जगतं ते तिकडे?"

"त्याहूनही कमी."

"आणि चांगलं राहतं?"

"चांगलं राहतं, आई."

तिने कुंडी उचलून आत, खिडकीच्या उंबऱ्यावर ठेवली, जिथे पाऊस पोचत नाही आणि दुपारचे ऊन येते. मग सबंध पावसाळाभर ती कुंडी तिथेच होती. मी काच आणली, ती तशीच गुंडाळलेली पडून आहे.

आता भाऊ रविवारी फोन करतो तेव्हा आधी तिच्या गुडघ्यांची चौकशी होते, मग नातीचा अभ्यास, मग तो विचारतो, "झाड किती वाढलं?" आई करंगळीचे एक पेर फोनसमोर धरते. "एवढं," म्हणते, "पण नवीन पान आलंय." यंदा दिवाळीला तो येणार आहे, वीस दिवसांसाठी. रोज सकाळी सातला पितळी तांब्या गॅलरीत जातो. तुळस, गवती चहा, मोगरा, कोरफड. खिडकीच्या उंबऱ्यापाशी आई थांबते, वाकून मातीत बोट खुपसून पाहते आणि तांब्या घेऊन आत येते.